आमच्या तांड्याची लेंगी ‘डुप्लिकेट’ ठरवली

तांड्यातील सर्व बंधुभगिनींनो,

आज सकाळी माझ्याच घरात जे घडले, त्याने माझा संताप अनावर झाला आहे.

होळीला फेर धरून आपण जी लेंगी म्हणतो, ती मी दरवर्षी फोनवर ध्वनिमुद्रित करतो. जुन्या संगणकाचा सर्व्हर करून ती घरच्या टीव्हीवर ऐकण्याची व्यवस्थाही मीच केली. चौथी शिकलेल्या माणसाने केली. हल्ली गाणे मध्येच अडकून पडद्यावर नुसते चक्र फिरे, म्हणून नागपूरहून आलेल्या माझ्या मुलाला पाहण्यास सांगितले.

"झालं काम, बाबा! एकच लेंगी तुम्ही दरसालची ठेवून राह्यले होते. डुप्लिकेट साऱ्या उडवल्या, साफ आवाजाची एक ठेवली. आता पाहा कशी पळते!"

"अरे, म्हणणारी माणसं दरसाल तीच होती काय?" मी ओरडलो.

बोंडअळीने कापूस खाल्ला त्या वर्षी निम्मा तांडा मजुरीसाठी बाहेर होता. पुढे होऊन गाणारे कोणी उरले नाही, म्हणून माझ्या थोरल्या बहिणीने लेंगी उचलली. तिचा आवाज तेवढ्या एकाच ध्वनिमुद्रणात होता. बहीण आता हयात नाही.

मुलगा म्हणतो, "आवाज खरखरीत होता ना, बाबा." होताच. तिचा आवाज तसाच होता.

सर्व्हर मी बंद केला आहे. मुलाला त्यास हात लावू देणार नाही.

त्या होळीला आपल्यापैकी कोणी फोनवर ध्वनिमुद्रण केले होते काय? केले असल्यास कृपया काहीही पुसू नये. फोन घेऊन थेट माझ्या घरी यावे.