मामांचा मुका पिक्चर

माझ्या बायकोच्या मामांना गप्प बसता आलं असतं, तर त्यांच्या गिरीज गावातली निम्मी भांडणं झालीच नसती. पण मग गिरीजला आम्ही फिरकलोही नसतो. घरात लग्न निघालं की आदल्या संध्याकाळी मांडवात चादर ताणून मामा एक जुना मुका पिक्चर दाखवतात. दरवेळी तोच. दोन भाऊ भांडून घराच्या मधोमध खडूची रेघ ओढतात. चूल थोरल्याकडे, ताटं धाकट्याकडे. सगळ्यांचे संवाद मामा स्वतः म्हणतात, तेही नातेवाइकांच्या आवाजात. खाष्ट सासूला मामींचा, आळशी जावयाला माझा. एकदा त्यांनी पुढ्यात बसलेल्या फादरचा खोकला पडद्यावरच्या चोराला दिला. सगळ्यांत मोठ्यानं फादरच हसले.

पडद्यावरच्या धाकट्याला मात्र कायम मामांच्या सख्ख्या धाकट्या भावाचा घोगरा आवाज. त्यानं वाडीतला आपला हिस्सा बिल्डरला दिला आणि नालासोपाऱ्याला फ्लॅटमध्ये गेला, तेव्हापासून दोघांत अबोला. यंदा मामांच्याच मुलीचं लग्न. तिनं हट्टानं बोलावलं म्हणून काका आले, आणि स्कूटरची किल्ली हातातच धरून शेवटच्या खुर्चीवर टेकले.

"बाबा, आज नुसता पिक्चर दाखव. तोंड उघडलंस तर काका उठून जाईल. मला उद्या तो चर्चमध्ये हवाय," नवरीनं बजावलं.

"मी कशाला बोलतोय?" मामा म्हणाले. कुणाचाच विश्वास बसला नाही.

पण मामा खरंच गप्प बसले, आणि ते जास्तच वाईट झालं. सासू नुसतीच तोंड हलवत होती. कुणी हसेना. चादरीवर रेघ ओढली गेली. मामी पदराशी चाळा करत होत्या. मी काकांच्या किल्लीकडे बघत होतो. थोरल्याच्या चुलीवर धूर झाला, पलीकडे धाकटा रिकामं ताट घेऊन उभा राहिला. मागे खुर्ची सरकल्याचा आवाज आला. संपलं, मी म्हटलं.

"दादा, भाजी करपली तुझी!" तोच घोगरा आवाज, पण यावेळी खुद्द काकांचा.

मांडव हसून लोटपोट झाला. मामांनी मागे वळून पाहिलं नाही.

"मग बघतोस काय? ये की अलीकडे," ते कसेबसे म्हणाले. "आणि पुढचं तूच बोल. माझा घसा बसलाय."

मामांचा घसा बसलेला मी त्याआधी कधी ऐकला नव्हता, आणि त्यानंतरही नाही.