देखेंगे साहेबांची सही

आमच्या खासदारांना सगळं उज्जैन ‘देखेंगे साहब’ म्हणायचं. कुणी नळाचं गाऱ्हाणं घेऊन येवो, कुणी मुलाच्या बदलीचं, साहेब चष्मा कपाळावर चढवत, अर्ज डोळ्यांजवळ धरून शेवटच्या ओळीपर्यंत वाचत आणि म्हणत, “देखेंगे.” सहा निवडणुका त्यांनी या एका शब्दावर काढल्या, अशी विरोधकांची थट्टा होती. बाकीचे पुढारी ‘हो जाएगा’ वाटत हिंडायचे. साहेबांच्या तोंडून ते शब्द मी कधी ऐकले नाहीत.

फ्रीगंजमधल्या त्यांच्या कार्यालयात मी अठरा वर्षं पत्रं लिहिली. उज्जैनमधल्या आमच्या मराठी घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या दरबारची लिखापढी, त्यामुळे हे काम माझ्या रक्तातच आहे, असं मी ऐटीत सांगत असे. साहेब मला ‘पंतजी’ म्हणत. पहिल्याच दिवशी समोर बसवून म्हणाले, “पंतजी, यहाँ एक ही नियम है. ‘हो जाएगा’ नहीं बोलना. आदमी उसके भरोसे घर जाकर बैठ जाता है. ‘देखेंगे’ सुनेगा तो चार दरवाजे और खटखटाएगा.” मी मान डोलावली. मनात म्हटलं, काय बेरकी माणूस आहे!

सकाळी ते टॉवर चौकात उभ्या उभ्या पोहे खायचे. तिथेच लोक गाठायचे. एका हातात पोह्यांचा कागद, दुसऱ्या हातात अर्ज, त्यामुळे निम्म्या अर्जांवर शेवेच्या तेलाचे पिवळे डाग पडायचे. सरकारी कचेऱ्यांत तो डाग ओळखीचा झाला होता. डाग दिसला की साहेबांनी कागद स्वतः वाचलाय हे बाबू लोकांना कळायचं आणि फाइल जरा लवकर हलायची.

संसदेत ते फार गाजले नाहीत. एका आडगावच्या स्टेशनावर गाडी थांबावी म्हणून मात्र दर अधिवेशनात उठून उभे राहायचे. त्यावर लोक हसायचे. अकरा वर्षांनी गाडी थांबली. पहिल्या दिवशी तिथे दोनच प्रवासी उतरले, एक साहेब आणि दुसरा मी. “चलो, दो तो उतरे,” असं म्हणून त्यांनी मला चहा पाजला.

गाड्यांशी त्यांचा आणखी एक संबंध होता. ज्यांचं तिकीट वेटिंगमध्ये अडकलंय त्यांच्यासाठी खासदाराने रेल्वेला चिठ्ठी दिली, तर राखीव कोट्यातून बर्थ मिळतो. दुसरीकडे अशा चिठ्ठ्यांची खिरापत वाटली जायची. साहेबांचा नेम एका गाडीला एकच चिठ्ठी, आणि तीही आधी आजाऱ्याला. “दो भेजोगे तो दोनों रद्दी में जाएँगी,” ते म्हणत. अधिवेशनाला दिल्लीला जाताना ते सही केलेल्या कोऱ्या कागदांचा गठ्ठा माझ्याकडे ठेवत. पक्षातल्या कुणावर टाकला नसेल एवढा विश्वास त्यांनी माझ्यावर टाकला होता.

अशाच एका अधिवेशनात भैरवगढ़चे रशीदभाई आले. कापडावर छपाई करणारं घर. त्यांच्या बायकोच्या, जुबेदाबींच्या, डोळ्याचा पडदा सुटला होता. कापडावर मेणाने काढायची बारीक वेलबुट्टी सगळी त्यांच्या हातची. डॉक्टरांनी बजावलं होतं, परवा मुंबईला ऑपरेशन, आणि प्रवासात झटके नकोत, झोपवून न्या. त्या रात्रीच्या मुंबईच्या गाडीची त्यांची दोन तिकिटं वेटिंगवर होती. मी साहेबांना फोन लावला. “पंतजी, आज की चिट्ठी इनकी,” ते म्हणाले.

फोन ठेवला आणि तासाभरात घरून बायकोचा आला. तिच्या भावाचा साखरपुडा मुंबईला, तीच गाडी, पाच जण वेटिंगवर. “अहो, इतकी वर्षं चिठ्ठ्या लिहिताय, घरच्यांना एक नाही देऊ शकत? माहेरी काय तोंड दाखवू मी? एकदाच करवून द्या ना, प्लीज.” दोष तिचा नाही. जुबेदाबींचं मी तिला सांगितलंच नव्हतं. मला सासुरवाडीत भाव खायचा होता. मनाची समजूत घातली की रशीदभाईंची दोनच तिकिटं आहेत, ती आपोआप होतील. मग सही केलेल्या कागदावर माझ्या सुवाच्य अक्षरात मेव्हण्याचं नाव लिहिलं.

रशीदभाई बाहेर बाकावर बसलेच होते. “पंतजी, न हो तो बता दो. भाई गाड़ी करने को तैयार है, पीछे गद्दा डाल लेंगे.” मी म्हणालो, “अरे, चिट्ठी चली गई. हो जाएगा.”

ते निर्धास्त होऊन घरी गेले. संध्याकाळी चार्ट लागला, त्यात मेव्हण्याचे पाचही बर्थ होते. रशीदभाईंची तिकिटं तशीच राहिली. स्टेशनावर पोचून त्यांना ते कळलं, आणि तोवर भावाने बघून ठेवलेली गाडी दुसऱ्या भाड्यावर गेली होती. जुबेदाबी मुंबईला पोचल्या त्या तीन दिवसांनी. डोळा गेला.

मी सगळ्यांना सांगितलं, रेल्वेने ऐकलं नाही. साहेब परतले ते थेट कार्यालयात. प्रत्येक चिठ्ठीची प्रत फाइलला लावायची शिस्त त्यांचीच. त्यांनी ती प्रत काढली, चष्मा कपाळावर चढवून शेवटच्या ओळीपर्यंत वाचली आणि फाइल मिटली. माझ्याकडे बघितलंही नाही. “गाड़ी निकलवाओ पंतजी, भैरवगढ़ चलना है.”

रशीदभाईंच्या अंगणात ओल्या चादरी वाळत होत्या. साहेब खाट नाकारून उभेच राहिले. डोळ्यावर पट्टी बांधलेल्या जुबेदाबींसमोर हात जोडून म्हणाले, “बहन, भूल मुझसे हुई. चिट्ठी दूसरे नाम पर चली गई. दस्तखत मेरे हैं.” मी त्यांच्या मागे दोन पावलांवर होतो. तेव्हा बोलायला हवं होतं. मी वाळत्या चादरींकडे बघत राहिलो.

परतीच्या वाटेवर आता रागावतील, घरी बसवतील, म्हणून मी अंग चोरून बसलो होतो. साहेब नानाखेड्याच्या रस्त्यावरच्या खड्ड्यांबद्दल बोलत राहिले. पुढच्या अधिवेशनाआधी त्यांनी सह्या केलेला गठ्ठा नेहमीसारखा माझ्यापुढे ठेवला. तो काढून घेतला असता तर मला बरं वाटलं असतं. पुढे पक्षाने साहेबांचं निवडणुकीचं तिकीट कापलं. त्या निवडणुकीत ‘मतलबी साहब, दूसरे की बर्थ बेच दी’ असंही कुणी कुणी बोललं. तेही त्यांनी ऐकून घेतलं आणि मीही.

गेल्या वर्षी साहेब गेले. रशीदभाई स्वतः छापलेली चादर घेऊन अंत्यदर्शनाला आले. तिच्या काठाची वेल जागोजागी वाकडी होती. “बेगम ने बनाई है,” ते म्हणाले, “एक आँख से जैसी बनी. आज कौन नेता घर आकर अपनी गलती मानता है, पंतजी? आप उनके खास थे. आप ही ओढ़ाओ.”

मी ती चादर साहेबांवर पांघरली. कोपरे नीट केले. तेव्हाही बोललो नाही.

आज पहिल्यांदा हे सगळं लिहून काढलं. अठरा वर्षं मी सगळी पत्रं हिंदीत लिहिली, हे मात्र मराठीत लिहिलंय. रशीदभाईंना मराठी वाचता येत नाही.