हौदाच्या छतावरची लकाकी

असल्या गोष्टींवर माझा काडीचाही विश्वास नव्हता, आणि आजही मी इथे भीती सांगायला आलेले नाही. माझ्यावर लबाडीचा आळ आलाय, म्हणून लिहितेय.

मी नगरमधल्या एका शाळेत चित्रकला शिकवते. जुन्या शहरात जमिनीखालून खापरी नळांनी पाणी खेळवलेलं होतं. त्या पाण्याच्या वाटांवर मी दहा मिनिटांची फिल्म केली. निवेदन नाही, गोष्ट नाही... नुसत्या कमानी, ओलीचे जुने डाग, भिंतींवरचा उजेड. शेवटचा शॉट एका घुमटी हौदाचा. तळाला धूळ आणि गुटख्याच्या पुड्या, कित्येक वर्षांत पाण्याचा थेंब नाही. दुपारी चार वाजता एकटीने जाऊन घेतला.

घरी येऊन पाहिलं तर छतावर लकाकी हलत होती — भरल्या पाण्यावरून ऊन वर उडतं ना, तशी. तळ मात्र कोरडाच.

फिल्म मी एका स्पर्धेला पाठवली. तिथले परीक्षक म्हणाले, "मॅडम, इफेक्ट टाकलाय." मी कॅमेऱ्याचं कार्ड घेऊन त्यांच्यासमोर जाऊन बसले. त्यातही तेच दिसलं. तर म्हणे, खाली परात भरून ठेवली असेल. वर मेहेरबानी केल्यासारखं, "तेवढा शॉट काढा, पहिलं बक्षीस तुमचंच." म्हणजे मी लबाड आहे हे मान्य करून बक्षीस घ्यायचं? मी फिल्मच मागे घेतली. शाळेत मात्र "बाईंनी फसवाफसवी केली" एवढंच पोचलं. ज्या मुलांना मी साधं ट्रेसिंग करू देत नाही, ती आता माझ्याकडे बघून हसतात.

हौद कोरडा आहे हे सांगणारं कुणीतरी हवं, म्हणून मी दगडूमामांकडे गेले. त्यांचे वडील त्या हौदाची राखण करायचे. मामांनी मोबाईलवर शॉट दोनदा पाहिला.

"आमी ल्हान हुतो तवा सकाळी नळाला पानी सुटायचं. असाच उजेड हालायचा," ते म्हणाले. "तुमी कवा गेल्ता?"

"चार वाजता."

"न्हाई मॅडम. हौदाला झरोका येकच, त्यो बी पूर्वंला. चारला आत ऊन येतंय कुठनं? ह्यो सकाळचाच उजेड हाय."

मी दुसऱ्या दिवशी चारला परत जाऊन पाहिलं. आत उन्हाची तिरीपसुद्धा नव्हती.

परीक्षकांना पाणी खोटं वाटलं. ऊन कुठून आलं हे त्यांनी विचारलंच नाही, आणि खरं सांगायचं तर मीही नाही. मला याचा उलगडा होत नाही. एक शब्द मी खोटा बोललेले नाही, पण माझा एकुलता एक साक्षीदार जे सांगतो, ते शाळेत कोणत्या तोंडाने सांगू?