तंगाची फट

आमच्याकडे वरातीची घोडी आहे आणि मी अजून बिनलग्नाची, त्यामुळे परतुरात थट्टेला विषय कमी पडत नाही. एरवी मी बियाण्याच्या कंपनीत असते. सुट्टीच्या दिवशी घोडीचं सामान माझ्याकडे.

वरातीहून आलं की आधी घोडीचा चारापाणी, मग सामान, मग आपलं जेवण, हा आबांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, नियम. त्या संध्याकाळी खोगिरावर हळद, चमकी, डब्यातून उडवलेला फेस असा सगळा लग्नाचा राडा झाला होता. मी ओल्या फडक्याने पुसत होते. आबा तंग तपासत होते. तंग म्हणजे घोडीच्या पोटाखालून आवळायचा चामडी पट्टा. त्याच्यावर खोगीर टिकतं आणि खोगिरावर नवरदेव. शिवाय त्याच्या पुढ्यात एखादं भाचरू बसवायची हौस असतेच. घामाने चामडं तडकतं, म्हणून आबा डोळे मिटून सगळ्या पट्ट्यावरून अंगठा फिरवत.

“बराबर हाय,” म्हणत त्यांनी तो माझ्याकडे दिला. बकलाजवळ नख आत जाईल एवढी फट होती.

“आबा, इथं तडकलंय.”

त्यांनी पुन्हा अंगठा फिरवला, थेट फटीवरून. “काई न्हाई. उगं घाबरून राह्यली तू.”

मला संताप आला. उद्या दुसरी वरात, आणि यांचा हट्ट! घोडीवरून घसरणारं लेकरू मला दिसायला लागलं होतं.

कुरकुरतच त्यांनी लगाम घेतला. घोडीच्या तोंडातली कडी कोमट पाण्यात धुवायची असते. आईने चुलीवरचं पाणी नुकतंच आणून ठेवलं होतं, त्यात गार पाण्याचं विसण घालायचं राहिलं होतं. आबा हात बुडवून कडी चोळत बसले. मी फडकं भिजवायला बोटं घातली आणि किंचाळलेच. त्यांचा हात ओढून काढला, तर मनगटापर्यंत लालबुंद.

“काय झालं?” ते मलाच विचारत होते.

त्यांना साखरेचा आजार आहे हे ठाऊक होतं. त्याने हात असे बधिर झालेत हे ठाऊक नव्हतं.

“कधीपासून, आबा?”

त्यांनी स्वयंपाकघराकडे पाहिलं. “पोळ्याच्या आदीपासून. आईला सांगू नको, बाई. ती घोडी इकायला लावंल.”

आबांनी कधी कुणाची विनवणी केलेली मी पाहिली नव्हती. आतून आई विचारत होती, पाणी पुरलं का. मी त्यांचा हात नळाखाली धरून उभी राहिले. मी तो धरलाय हे तरी त्यांना कळतंय का, हे विचारायचं माझं धाडस झालं नाही.