वेणूबाई सावत्र झाली त्याची गोष्ट

आमच्या वाडीतली वेणूबाई सहा वर्षं गोदूची आई होती. अठ्ठावन्न साली माणगावात तंबूचा सिनेमा आला आणि एका खेळात ती सावत्र झाली.

सिनेमातली सावत्र आई ओळखायला अक्कल लागत नाही. ती कमरेवर हात ठेवून बोलते, पोराला शिळी भाकरी देते आणि नवरा घरी आला की मधासारखी गोड होते. आमच्या बाया बैलगाडीने जाऊन हे बघून आल्या, पदर भिजवून आल्या, आणि दुसऱ्या दिवशी सकाळपासून वेणूबाईच्या कुडावरून आत डोकावू लागल्या.

बिचारी कात्रीत सापडली. गोदूला भांडी घासायला लावली की छळ. लाडाने वेणी घातली की, "बघ, नवरा मुंबैवरनं यायचा हाय न्हवं!" शिळी भाकरी वाडीत घरोघरी न्याहारीला असते, पण गोदूच्या हातातलीच तेवढी दिसू लागली. वेणूबाईच्या गळ्यात मेलेल्या सवतीचा, म्हणजे गोदूच्या सख्ख्या आईचा, चांदीचा टाक होता, तिच्या नावाने मूर्त उठवलेला. नवं लुगडं आधी त्या टाकाला दाखवायची, मगच नेसायची. ते मात्र कोणाला दिसेना. सिनेमात नव्हतं ना!

शेवटी गोदूचा मामा बाळाजी आला. गडी दोनदा सिनेमा बघून आलेला, म्हणजे पुरावा पक्का. अंगणात सगळ्यांसमोर त्याने भाचीला विचारलं, "खरं सांग पोरी, ही तुला मारते?"

"व्हय, आय मारते," गोदू म्हणाली. "विहिरीवर वाकले का मारते."

पुढचं ऐकायला कोण थांबतंय? "मारते" म्हटल्याबरोबर बायांनी डोळ्यांना पदर लावले. वेणूबाई पोरीचा हात सोडेना. "माझी पोर हाय ती, बाळाजीदादा," एवढंच म्हणत राहिली. तिचा नवरा रघू नुकताच गिरणीतून सुट्टीवर आला होता. तो मान खाली घालून ओटीवर बसला. मीही तिथंच होते. माझ्या तोंडाला काय कुलूप लागलं होतं, देव जाणे. आजही लाज वाटते.

बाळाजी गोदूला घेऊन गेला. वाडीला पुण्य लागलं.

मामाच्या घरी पाणी शेंदायचं काम गोदूकडे आलं. मामी काही त्या सिनेमात नव्हती, त्यामुळे तिच्या कुडावरून कोणी डोकावलं नाही. नऊ वर्षांची पोर रोज बिनकठड्याच्या विहिरीवर वाकू लागली. तिला मारायला तिथं कोणी नव्हतं.