अण्णांनी पडद्यावर बॅटरी मारली त्याची गोष्ट

माझ्या कॅमेऱ्यातला अंधार फार सुंदर असतो, असं मुंबईत सगळे म्हणतात. राहुरीत कुणी म्हणत नाही.

मी सिनेमांचा छायाचित्रकार आहे. आमच्या गावी, सोनईत, हे समजावून सांगण्यात माझी ऐन जवानी गेली. (आईला अजून वाटतं, मी हिरोईनचे फोटो काढून देतो.) शांताराममामा तर दर दिवाळीला चारचौघांत विचारायचे, "काय भाचेबुवा, यंदा लगीनसराईत किती शूटिंगा?" मी हसून सोडून द्यायचो. अण्णा, म्हणजे माझे वडील, सोडायचे नाहीत. मुळा धरणाच्या पाटावर पाणी सोडणारा पाटकरी म्हणून हयात काढलेला माणूस. एकदा बोलला की बोलला! "लग्नाची शूटिंग करीत न्हाई त्यो! येक दिवस पडद्यावर नाव येईल त्याचं. माझ्या नावासकट!"

आणि तो दिवस आला. मी चित्रित केलेला पहिला सिनेमा राहुरीच्या थिएटरला लागला. अण्णांनी टेम्पो ठरवला, मामा-मामींसकट निम्मी आळी त्यात भरली आणि स्वतः कडक इस्त्रीची टोपी घातली. सोबत पिशवीत त्यांची ती दांडगी बॅटरी. पाटावर रात्रपाळीला न्यायचे ती. (निवृत्त होऊन इतकी वर्षं झाली, तरी भर दुपारच्या खेळालासुद्धा ती बरोबर हवीच!)

आता सिनेमाबद्दल. गोष्ट वीज नसलेल्या घरातली. दिग्दर्शक म्हणाला होता, दोन लाईट तरी लावू. मीच अडून बसलो. "घरात रॉकेलची एक चिमणी आहे ना? मग तेवढाच उजेड!" चेहरा अर्धा दिसला की भावना पुरी पोचते, असं काहीतरी मी त्याला ऐकवलंही होतं. बिचाऱ्याने लाईट परत पाठवले.

सिनेमा सुरू झाला. थोडा वेळ सगळे डोळे बारीक करून बसले. मग आई माझ्या कानाशी लागली.

"बाळा, कोन बोलतंय?"

"हिरो बोलतोय, आई."

"कुटं हाय?"

"तो काय, खांबामागं."

"खांब कुटं हाय?"

तेवढ्यात पलीकडून मामांचा आवाज चढला. त्यांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालं होतं. "मेलो! गेला डोळा माझा! डाक्टरनं बुडवलं मला!"

मामी त्यांचा हात धरून म्हणाल्या, "अवो, मला बी दिसंना!"

"तुझा बी गेला?" मामा कळवळले.

मागून शिट्ट्या सुरू झाल्या. "ए, लाईट आली न्हाई का अजून?" "आरं, पडदा उघडा की!" अण्णांनी माझ्याकडे वळून विचारलं, "मशीन बिघडलीय व्हय रं?"

इथे सरळ सांगायला हवं होतं, की अण्णा, मशीन ठणठणीत आहे, बिघडलोय तो मी. पण त्या काळोखातही त्यांची पांढरी टोपी तेवढी दिसत होती. माझी जीभच रेटेना. मी म्हणालो, "व्हय अण्णा. मशीनच असंल."

झालं! अण्णा उठले आणि तरातरा जिना चढून मशीनच्या खोलीत शिरले. मी मागोमाग.

"ओ ऑपरेटर! बल्ब बदला तुमचा!"

"काका, मशीन नवीकोरी हाय," ऑपरेटर म्हणाला. "शूटिंगच अंधारात केलंय. कोन येडा कॅमेरावाला गाठला कुनाला ठाऊक!"

"त्यो येडा माझा पोरगा हाय!" अण्णा गरजले. "आन त्यो सोता सांगतोय, मशीन बिघडलीय म्हनून! सांग रं ह्याला!"

ऑपरेटरने माझ्याकडे पाहिलं. मी अण्णांच्या पाठीआडून त्याला हात जोडले. "असंल बिघडली," तो पुटपुटला आणि उगाच दोन-चार बटणं दाबली. एका परक्या माणसाने माझ्यापायी स्वतःच्या धडधाकट मशीनला नावं ठेवून घेतली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

खाली आलो तर माझं सगळ्यात लाडकं दृश्य लागलेलं. हिरोईन गेलेल्या बाळाचं अंगडं उराशी धरून रडते. पडद्यावर फक्त गालाची एक कड आणि त्यावरचं पाणी. मुंबईत ह्या दृश्याला लोक श्वास रोखून बसले होते. राहुरीत अण्णा उभे राहिले, पिशवीतून बॅटरी काढली आणि थेट पडद्यावर झोत टाकला!

"आता दिसतंय का?"

पडद्यावर पांढराफटक गोळा उमटला आणि होती-नव्हती ती हिरोईनही पुसली गेली. पण लोकांना मार्ग सापडला! खिशाखिशातून मोबाईल निघाले, सगळ्यांच्या बॅटऱ्या लागल्या. "अण्णा, जरा डावीकडं घ्या, आवाज तिकडनं येतोय!" "न्हाई न्हाई, खाली मारा, बाई बसलीय जनू!" आई तेवढी पदर डोळ्याला लावून बसली होती. मला भरून आलं. चला, एक तरी माणूस रडला!

"डोळं चुरचुराय लागलं रं बघून बघून," ती म्हणाली.

एकदाचा सिनेमा संपला आणि नावं सुरू झाली. (दिग्दर्शकाच्या हौसेपायी सगळी नावं शेवटी!) काळ्या पडद्यावर हातभर उंचीची पांढरी अक्षरं. लख्ख! मामा ताडकन उठले आणि खणखणीत आवाजात वाचायला लागले, "छायाचित्रण... बाळासाहेब ज्ञानदेव... अगं, दिसतंय! मला दिसतंय! डोळा शाबूत हाय माझा!"

"मंग मशीन बी शाबूत हाय की," मामी म्हणाल्या.

मग सगळे एकदम माझ्याकडे वळले. मोबाईल पेटलेले होतेच; ते सगळे माझ्या तोंडावर आले. इतका उजेड मी आयुष्यात कुठल्याही नटावर टाकलेला नव्हता. अण्णांनी तेवढी आपली बॅटरी विझवली.

परतताना टेम्पोत मामासुद्धा मला काही बोलले नाहीत, ते जास्त लागलं. अण्णांनी टोपी काढून मांडीवर ठेवली होती. ज्या माणसाने वर्षानुवर्षं माझी बाजू घेतली, त्याला मी आज खोट्यापायी परक्याशी भांडायला लावलं होतं. शेवटी मी म्हणालो, "अण्णा, मशीन चांगली हुती. माझंच चुकलं."

"ठावं हाय," अण्णा म्हणाले. मांडीवरची टोपी परत डोक्यावर चढवली आणि हळूच पुटपुटले, "नाव मातर लई झ्याक दिसलं."

सकाळी मी मुंबईला निघालो, तेव्हा त्यांनी ती दांडगी बॅटरी माझ्या बॅगेत कोंबली. "न्हे. फुडच्या पिक्चरला लागंल."

माझ्या कामावर बऱ्याच जाणकारांनी लिहिलंय. पण इतका नेमका अभिप्राय, आणि वर फुल चार्ज करून, अजून कुणी दिलेला नाही!