भिंतीवरचं फाटकं जाळं

सोमवार, सकाळचे दहा. हजर : मी, वाचनालयाच्या शिपाईबाई आणि एक अनोळखी म्हातारा.

मालवणात आमच्या वाचनालयाच्या मागच्या खोलीत आम्ही छोटं संग्रहालय मांडतोय. भिंतीवर रापणीच्या, म्हणजे किनाऱ्यावरून ओढून मासे धरायच्या, जुन्या सुती जाळ्याचा तुकडा टांगलाय, खाली पाटी : ‘जसं मिळालं तसं’. म्हाताऱ्याने पाटी वाचली, जाळं उतरवलं आणि फरशीवर पाय पसरून बसला. काठ पायाच्या अंगठ्यात अडकवून, खिशातली, दोरा गुंडाळलेली लाकडी सुई काढून तो भोकं विणून बुजवायला लागला.

“काका, हात लावू नका! जुनं आहे म्हणूनच ठेवलंय.”

“जुनां म्हणान फाटकां टांगूचां? तुजी साडी फाटली तर पाटी लावन फिरतलंस काय गो बाय?”

शिपाईबाई पदरात हसल्या. संग्रहालयात वस्तू बदलत नसतात, हे मी त्याला समजावलं. त्याने मान हलवली, सुई थांबवली नाही.

“ह्यां जाळां आमच्या रापणीचां. वाळत घालूच्या आदी माजो बापूस एकूण एक भोक बुजवी. आता बघणारे म्हणतले, तो आळशी होतो.”

भोकं ठेवली तर त्याच्या बापाबद्दल चुकीचं सांगितल्यासारखं होतं, बुजवू दिली तर जाळ्याबद्दल. मी त्याला पुन्हा अडवलं नाही. एसटीची वेळ झाली तेव्हा तो उठला. अर्धं जाळं निळ्या नायलॉनने विणून झालं होतं.

तो परत आलेला नाही. नोंदवहीत वस्तूची स्थिती ‘चांगली’ किंवा ‘खराब’ अशी लिहायची असते. बाकी सगळ्या वस्तूंची लिहून झाली. जाळ्यापुढचा रकाना अजून कोरा आहे.